जॉन रीबस: कॅलेंडरप्रमाणे म्हातारा होत गेलेला एडिंबराचा इन्स्पेक्टर

रानजाई

इथे शोधलं तर होम्स आणि पोआरोवरच्या धाग्यांना तोटा नाही, मॉर्सवरही चर्चा झालेली दिसते. इयन रँकिनच्या जॉन रीबसचा मात्र कुठल्या तरी प्रतिसादात ओझरता उल्लेख येतो आणि गाडी पुढे जाते. मला हा माणूस फार महत्त्वाचा वाटतो, म्हणून त्याच्यासाठी हा वेगळा धागा.

ज्यांनी वाचलेलं नाही त्यांच्यासाठी थोडक्यात. रीबस एडिंबराच्या पोलिसांतला डिटेक्टिव्ह. १९८७ च्या 'नॉट्स अँड क्रॉसेस' या पहिल्या कादंबरीत सार्जंट, त्यानंतर इन्स्पेक्टर. मूळचा फाइफचा, म्हणजे कोळशाच्या खाणींच्या मुलखातला. आधी सैन्यात, पॅराशूट रेजिमेंटमध्ये. उत्तर आयर्लंड पाहून आला, एसएएस या लष्कराच्या खास पथकाच्या प्रशिक्षणात मोडून पडला आणि मग पोलिसांत शिरला. घटस्फोट झालेला, एक मुलगी, आर्डन स्ट्रीटवर फ्लॅट, जुनी साब गाडी, रोलिंग स्टोन्सच्या रेकॉर्डी आणि यंग स्ट्रीटवरचा ऑक्सफर्ड बार. दारू आणि सिगारेट दोन्ही बेसुमार. वरिष्ठांशी उभा दावा.

असे एकटे, दारुडे, खडूस डिटेक्टिव्ह पैशाला पासरी मिळतात, हे मान्य. रीबस त्यांच्यात उठून दिसतो तो एका गोष्टीमुळे, आणि रँकिनने ती पंचवीस कादंबऱ्या निभावली आहे. रीबसचं वय वाढतं. रूथ रेंडेलचा वेक्सफर्ड घ्या. १९६४ साली आपल्याला पहिल्यांदा भेटतो तेव्हाच तो चीफ इन्स्पेक्टर आहे, आणि निवृत्त होऊन समोर येतो तो थेट २०११ मध्ये! वाचक ते चालवून घेतो, मीही घेतलं. रँकिनने ती सवलत घेतली नाही. रीबसचा जन्म १९४७ चा. पहिल्या पुस्तकात तो चाळिशीला टेकलेला आहे आणि पुढे जगाचं एक वर्ष गेलं की त्याचंही साधारण एक वर्ष जातं. त्या काळच्या नियमाप्रमाणे पोलीस अधिकाऱ्याने साठीला घरी जायचं, म्हणून २००७ च्या 'एक्झिट म्युझिक'मध्ये त्याचे नोकरीचे शेवटचे दिवस येतात. पुस्तकं तुफान खपत होती, तरीही लेखकाने त्याला निवृत्त केलं. स्कॉटिश संसदेत एका सदस्या बाईंनी निवृत्तीचं वय वाढवता येईल का, असा प्रश्न रीबसची आठवण काढून विचारला होता, इतका तो तिथे घरचा झाला होता.

या सगळ्या मालिकेत मला सर्वांत जास्त काही सांगून जातो तो आर्डन स्ट्रीटचा जिना. दगडी इमारत, सगळ्यांचा मिळून एक जिना, लिफ्ट नाही, रीबसचा फ्लॅट दुसऱ्या मजल्यावर. सुरुवातीच्या पुस्तकांत तो रात्री-अपरात्री बाटल्यांची पिशवी घेऊन वर जातो आणि जिन्याकडे आपलं लक्षसुद्धा जात नाही. पुढे पुढे तो मधल्या वळणावर थांबायला लागतो. नंतर डॉक्टर फुफ्फुसांच्या आजाराचं, सीओपीडीचं नाव घेतात. आणि २०२० च्या 'अ साँग फॉर द डार्क टाइम्स'च्या सुरुवातीला त्याने त्याच इमारतीत तळमजल्यावर बिऱ्हाड हलवलेलं असतं, खोकी उघडायला त्याची पोलिसांतली जुनी सहकारी शिव्हॉन क्लार्क मदतीला आलेली असते. तेहतीस वर्षांत दोन मजले खाली. यात कुठे खून नाही की रहस्य नाही, आणि तरी मला ते या मालिकेतलं सर्वांत खरं पान वाटतं.

तुम्ही कुणी वाचला आहे का? कसा वाटला?

सदा_वाचत

धागा वाचनखुणेत ठेवला. मी मधलीच दोन पुस्तकं वाचली आहेत, 'द फॉल्स' आणि 'फ्लेशमार्केट क्लोज'. दोन्ही आवडली, पण मागचे संदर्भ कळत नव्हते. हा कॅफर्टी नक्की कोण? प्रत्येक वेळी रीबस त्याला भेटायला का जातो? रानजाईताई, कुठून सुरुवात करावी तेही सांगा.

टेकडीवरचा

मी शिकायला एडिंबरात होतो आणि आर्डन स्ट्रीट ज्या भागात आहे त्या मार्चमाँटमध्येच राहत होतो, त्यामुळे हा धागा पाहून राहवलं नाही. आर्डन स्ट्रीट अगदी खरा आहे. रँकिन स्वतः विद्यार्थी असताना त्याच रस्त्यावर राहायचा, तिथेच त्याला रीबस सुचला. आजही तो भाग विद्यार्थ्यांनी भरलेला असतो. त्यामुळे साठीचा एकटा पोलीस तिथे राहतो, चारही बाजूंनी विशीतली पोरं पार्ट्या करत असतात, हे चित्र पुस्तकात जसं आहे तसंच डोळ्यांसमोर येतं.

एक गोष्ट तिथे राहिल्यावर समजते. एडिंबरा हे दोन शहरांचं मिळून एक शहर आहे. किल्ल्याच्या उतारावर जुनं शहर, बोळ, अंधारे जिने, एकावर एक चढवलेली घरं. आणि दरीपलीकडे अठराव्या शतकात पट्टीने आखल्यासारखं नवं शहर, रुंद रस्ते, बँका, वकिलांच्या कचेऱ्या. याच शहरात डीकन ब्रॉडी होऊन गेला, दिवसा प्रतिष्ठित सुतार आणि नगरसेवक, रात्री घरफोड्या. १७८८ मध्ये त्याला फाशी झाली. जेकिल आणि हाइडची गोष्ट लिहिणारा स्टीव्हन्सनही इथलाच. रँकिनने पहिली दोन पुस्तकं त्या गोष्टीचा धागा धरूनच लिहिली आहेत. पर्यटकांना दाखवतात ते शहर आणि रीबस ज्या वस्त्यांत जातो ते शहर यांत बसने वीस-पंचवीस मिनिटांचं अंतर आहे, पण तिथले लोक एकमेकांच्या भागात पाऊल टाकत नाहीत. हे मी पाहिलं आहे.

ऑक्सफर्ड बारही खराच. आत शिरलं की पुढची खोली एवढीशी, चार माणसं उभी राहिली की भरली. दोन पायऱ्या चढून मागे बसायची खोली. सजावट वगैरे काही नाही. रीबसच्या नावावर तिथे जगभरातून लोक येतात.

रानजाई

@टेकडीवरचा, सविस्तर लिहिलंत, फार छान वाटलं. सुरुवातीच्या पुस्तकांतलं ग्रेट लंडन रोडचं पोलीस ठाणं काल्पनिक होतं. पुढे रँकिनला खरं शहर हवं झालं, तेव्हा त्याने ते ठाणं चक्क जाळून टाकलं आणि रीबसला सेंट लेनर्ड्सच्या खऱ्या ठाण्यात बदली देऊन पाठवलं. तिथला गुन्हे विभाग बंद झाल्यावर गेफील्ड स्क्वेअर. म्हणजे शहरात जे घडतं ते पुस्तकात होतं.

@सदा_वाचत, मॉरिस जेराल्ड कॅफर्टी हा एडिंबराचा मोठा गुंड. त्याला सगळे 'बिग जेर' म्हणतात. जुगार, सावकारी, ड्रग्ज, पुढे क्लब आणि जमिनींचे व्यवहार. रीबसने त्याला तुरुंगात पाठवलेलं आहे, त्याच्याकडून माहितीही घेतली आहे, त्याचे उपकारही नाइलाजाने अंगावर घेतले आहेत. दोघं साधारण एका वयाचे, एका थरातून वर आलेले, आणि शहर बदलत गेलं तसे दोघंही मागे पडत गेले. कॅफर्टी त्याला "आपण दोघं एकाच माळेचे मणी" अशा अर्थाचं सारखं ऐकवतो आणि रीबस चिडतो. चिडतो, कारण त्याला त्यात तथ्य दिसतं.

सुरुवात 'ब्लॅक अँड ब्लू'पासून (१९९७) करा. पहिल्यापासून जायचं असेल तर जरूर जा, पण पहिली दोन-तीन पुस्तकं तरुण लेखकाची आहेत, हात अजून बसलेला नाही. 'ब्लॅक अँड ब्लू'ला ब्रिटनमधल्या गुन्हेकथा लेखकांच्या संघटनेचं गोल्ड डॅगर मिळालं आणि रँकिनचं नाव खरं झालं ते तिथून.

सनद

मी वकिली करतो, त्यामुळे माझं लक्ष दुसरीकडे गेलं. रीबसच्या कथा 'ब्रिटिश' म्हणून वाचल्या जातात, पण कायद्याच्या दृष्टीने त्या इंग्लंडच्या कथा नाहीत. १७०७ मध्ये स्कॉटलंड आणि इंग्लंड एक राज्य झाले, तरी स्कॉटलंडची न्यायव्यवस्था वेगळी राहिली. हे समजून वाचले तर कथानकातील कित्येक गोष्टींचा उलगडा होतो.

पहिली बाब म्हणजे प्रोक्युरेटर फिस्कल. रीबसच्या पुस्तकांत हे पद सारखे येते. खटला भरायचा की नाही, हे पोलीस ठरवत नाहीत, फिस्कल ठरवतो. संशयास्पद मृत्यूची चौकशीही त्याच्याच अखत्यारीत. इंग्लंडमधील कोरोनर तिथे नाही. त्यामुळे रीबसला आरोपी कोण हे कळलेले असते, वाचकालाही कळलेले असते, आणि तरी फिस्कलपुढे ठेवण्यासारखे काही हातात नसते. कित्येक पुस्तकांचा उत्तरार्ध याच अडचणीवर उभा आहे.

दुसरी बाब मला अधिक महत्त्वाची वाटते. स्कॉटिश कायद्यात पुष्टी देणाऱ्या पुराव्याचा नियम आहे. गुन्ह्यातील कळीची बाब एकाच साक्षीवर सिद्ध होत नाही, स्वतंत्र दुसरा पुरावा लागतो. आपल्याकडे कायदा साक्षीदारांची ठरावीक संख्या मागत नाही, विश्वासार्ह असेल तर एका साक्षीदारावरही शिक्षा होऊ शकते. तिथे तसे नाही. म्हणून तिथले डिटेक्टिव्ह जबाब घ्यायला जोडीने जातात. आता रीबसचा स्वभाव पाहा. हा माणूस एकटा फिरणारा, कुणाला न सांगता दार ठोठावणारा. त्याने एकट्याने मिळवलेल्या माहितीला न्यायालयात किंमत कमी. त्याला कायम दुसरे कुणी तरी बरोबर हवे, आणि तेच त्याला नको असते. शिव्हॉन क्लार्कचे या मालिकेतील स्थान भावनिक आहेच, पण ते कायद्यानेही बांधलेले आहे. तिने पाहिले, ऐकले, तरच ते टिकणार. तो काही नियमबाह्य करतो तेव्हा तिला पाठ फिरवावी लागते किंवा साक्षीदार व्हावे लागते.

ज्युरी पंधरा जणांची असते. दोषी आणि निर्दोष यांच्याखेरीज 'सिद्ध झाले नाही' असा तिसरा निकालही तिथे शतकानुशतके होता. आरोपी सुटतो, पण डाग राहतो. तो रद्द करणारा कायदा स्कॉटिश संसदेने २०२५ मध्ये मंजूर केला.

अनघा_के

सगळ्यांना आवडतोय म्हणून माझं वेगळं मत मांडते. मी आठ-नऊ पुस्तकं वाचली आणि थांबले. भाषा उत्तम, शहर उत्तम. पण रीबस पोलीस म्हणून मला पटत नाही, आणि लेखक त्याच्या बाजूने आपल्याला ओढतो हे त्याहून पटत नाही.

'ब्लॅक अँड ब्लू'मधलंच स्पेव्हन प्रकरण पाहा. रीबसचा गुरू लॉसन गेडिस आणि रीबस, दोघं वॉरंट नसताना संशयित स्पेव्हनच्या जागेत शिरतात, आणि पुढे रीबस गुरूच्या बाजूने खोटं बोलतो. स्पेव्हन तुरुंगात जातो. वर्षानुवर्षं ते दडपलेलं राहतं. आणि आपण मात्र पानोपानी रीबसचं दुखणं, रीबसची झोप, रीबसची बाटली वाचत राहतो. त्या कैद्याचं काय? ज्यांनी पोलिसी खाक्या बाहेरून पाहिला आहे त्यांना "नियम मोडतो पण मनाचा सच्चा" हे कौतुक झेपत नाही. नियम दुबळ्या माणसासाठी असतात. पोलिसाने ते मोडले तर आधी तोच चिरडला जातो.

निशिगंधा

अनघाला अनुमोदन. सुरुवातीच्या पुस्तकांतल्या बायकाही मला खटकल्या. एक तर बळी, नाही तर रीबसच्या आयुष्यात येऊन जाणाऱ्या. शिव्हॉन आल्यावर (१९९३, 'द ब्लॅक बुक') हे बदललं. ती इंग्लिश वळणाने बोलणारी, शिकलेल्या घरातली, हिब्स फुटबॉल क्लबची पक्की चाहती. तिला स्वतःचं डोकं आहे, स्वतःची महत्त्वाकांक्षा आहे. मी पुढची पुस्तकं तिच्यासाठी वाचली.

रानजाई

@अनघा_के, तुमचा मुद्दा मला मनापासून महत्त्वाचा वाटतो. पण तुम्ही जिथे थांबलात त्याच्या पुढे लेखकाने हाच प्रश्न हातात घेतला आहे, म्हणून सांगते.

'रिझरेक्शन मेन'मध्ये रीबस वरिष्ठ अधिकारी जिल टेम्पलरच्या दिशेने चहाचा मग भिरकावतो आणि त्याची रवानगी टलीॲलनच्या पोलीस कॉलेजात होते, सुधारणा वर्गात. तिथे त्याच्यासारखेच बिघडलेले पोलीस भरती आहेत. आपल्या 'नियम मोडणाऱ्या' नायकाला त्याच्या जातभाईंमध्ये बसवून लेखक दाखवतो, की हे असे दिसतात आणि यांच्यातले काही किती पुढे गेलेले असतात. या पुस्तकाला २००४ मध्ये अमेरिकेतला एडगर पुरस्कार मिळाला. 'एक्झिट म्युझिक'नंतर रँकिनने नवी मालिका सुरू केली ती माल्कम फॉक्सची. हा पोलिसांची चौकशी करणारा पोलीस, दारू सोडलेला, नियमाने चालणारा. आणि २०१२ मध्ये रीबस परतला तेव्हा त्याच्यासमोर हाच फॉक्स उभा केला, रीबसकडे संशयाने पाहणारा. 'सेंट्स ऑफ द शॅडो बायबल' (२०१३) तर सगळंच तुमच्या मुद्द्यावर आहे. ऐंशीच्या दशकात रीबस ज्या ठाण्यात नवखा होता तिथल्या पोलिसांनी काय काय दडपलं, हे तीस वर्षांनी उकरलं जातं.

सनद

हे पुस्तक शक्य झाले ते प्रत्यक्षातील कायद्यामुळे. एकदा निर्दोष सुटलेल्या माणसावर त्याच गुन्ह्यासाठी पुन्हा खटला नाही, हे तत्त्व स्कॉटलंडने २०११ च्या कायद्याने काही अपवाद करून शिथिल केले. त्यामुळे जुन्या फायली पुन्हा उघडता येऊ लागल्या. शिवाय १ एप्रिल २०१३ ला आठ प्रादेशिक पोलीस दले विलीन होऊन पोलीस स्कॉटलंड हे एकच दल झाले. रीबसचे लोदियन अँड बॉर्डर्स पोलीस दलच त्या दिवशी संपले. ज्या दलात हयात गेली ते दल नाही आणि ज्या कायद्याने झाकले होते तो कायदाही बदललेला, अशा जागी लेखकाने म्हाताऱ्या माणसाला आणून उभे केले आहे.

फौजदाराची_लेक

मी इथे फारशी लिहीत नाही, पण या विषयावर लिहावंसं वाटलं. माझे वडील महाराष्ट्र पोलिसांत होते. इथे अठ्ठावन्नला निवृत्ती. निरोप समारंभ झाला, शाल-श्रीफळ झालं, आणि दुसऱ्या दिवशी सकाळी बाबा दाढी करून तयार होऊन बसले. पुढे कित्येक महिने रात्री फोन वाजला की आधी तेच उठायचे. एका जुन्या प्रकरणातल्या मुलीचं नाव ते शेवटपर्यंत घेत होते. तपास लागला नव्हता.

'एक्झिट म्युझिक' मी बाबा गेल्यानंतर वाचलं. रीबस शेवटच्या आठवड्यात न सुटलेल्या प्रकरणांच्या फायली शिव्हॉनच्या गळ्यात मारायला बघतो, तिने त्या पुढे चालवाव्यात म्हणून. ती कामात गुंतलेली आहे, तिला वेळ नाही. त्याला वाईट वाटतं पण तो बोलत नाही. ते वाचताना मला पुस्तक खाली ठेवावं लागलं. स्कॉटलंडमधल्या लेखकाला आमच्या घरातलं कसं कळलं, असं वाटलं.

अनघाताई म्हणतात तेही खरंच. बाबांच्या नोकरीतल्या सगळ्याच गोष्टी मला माहीत नाहीत, आणि काही मी कधी विचारल्या नाहीत.

अनघा_के

@फौजदाराची_लेक, तुमचा प्रतिसाद वाचून डोळे भरून आले. इतक्या खरेपणाने लिहिल्याबद्दल आभार.

रानजाई, 'सेंट्स ऑफ द शॅडो बायबल' मी मिळवून वाचेन. माझा आक्षेप मात्र पूर्ण मिटलेला नाही. चौकशी झाली तरी पाहणारा डोळा शेवटी रीबसचाच राहतो. ज्याच्यावर अन्याय झाला त्याच्या घरात लेखक किती वेळा गेला? मला ते पुस्तक हवं आहे.

टेकडीवरचा

एका वेगळ्या गोष्टीकडे लक्ष वेधतो. या मालिकेत खऱ्या घटना आणि खऱ्या वस्तू किती सहज येतात पाहा. सदा, तुम्ही 'द फॉल्स' वाचलंय म्हणून मुद्दाम सांगतो. त्यातल्या छोट्या शवपेट्या खऱ्या आहेत.

१८३६ मध्ये काही मुलं आर्थर्स सीट टेकडीवर ससे शोधत होती. खडकाच्या कपारीत, पाटीच्या दगडांमागे त्यांना सतरा शवपेट्या सापडल्या. प्रत्येकीत एक लाकडी बाहुली. आज त्यांतल्या आठ उरल्या आहेत आणि चेंबर्स स्ट्रीटवरच्या राष्ट्रीय संग्रहालयात आहेत. मी काचेपलीकडून त्या बराच वेळ पाहिल्या आहेत. पेटी जेमतेम चार इंचांची. झाकणावर पत्र्याचे बारीक तुकडे ठोकलेले. आतल्या बाहुलीला सुती कापडाचे कपडे घातलेले, शिवून आणि चिकटवून, आणि डोळे उघडे कोरलेले. मेलेल्या माणसाचे डोळे कुणी उघडे कोरत नाही, त्यामुळे त्या आधी खेळण्यातले शिपाई असाव्यात असं अभ्यासकांचं म्हणणं आहे. कुणी केल्या, कशासाठी, याचं पक्कं उत्तर नाही. बर्क आणि हेअर यांनी १८२८ मध्ये प्रेतं विकण्यासाठी केलेल्या खुनांशी सतरा हा आकडा जोडला जातो, कारण त्यांनी विकलेली प्रेतं सतरा.

रँकिनने या पेट्यांचं रहस्य सोडवून टाकलेलं नाही. आजच्या काळात एक मुलगी बेपत्ता होते, तिच्या गावाजवळ तशीच एक पेटी सापडते, आणि रीबस संग्रहालयात जाऊन जुन्या पेट्यांसमोर उभा राहतो. तसंच 'सेट इन डार्कनेस'मध्ये नव्या स्कॉटिश संसदेच्या बांधकामात क्वीन्सबेरी हाउसच्या जुन्या चुलाण्यामागे प्रेत सापडतं. ती इमारत आज खरोखरच संसदेचा भाग आहे, आणि १७०७ मध्ये एकीकरणाची सही होत असताना त्या घरातल्या वेड्या मुलाने स्वयंपाकघरातल्या पोऱ्याला भाजून खाल्लं, ही दंतकथा त्याच चुलाण्याची. नवी संसद उभी राहतेय आणि पायाशी हे!

सदा_वाचत

बाप रे! पेट्या खऱ्या आहेत हे मला माहीतच नव्हतं. मला वाटलं लेखकाची कल्पना. आता पुन्हा वाचावं लागणार.

लंडनकर_आजोबा

मी २००५ साली लंडनमध्ये नोकरीत होतो. 'द नेमिंग ऑफ द डेड' त्या जुलैच्या आठवड्यावर आहे, म्हणून ते पुस्तक माझ्यासाठी वेगळे आहे. २ जुलैला एडिंबरात गरिबीविरुद्धचा प्रचंड मोर्चा, ६ तारखेला लंडनला ऑलिंपिक मिळाल्याची बातमी आणि ग्लेनईगल्सला आठ राष्ट्रांच्या प्रमुखांची परिषद सुरू, ७ तारखेला सकाळी लंडनमध्ये बॉम्बस्फोट. आनंद आणि भीती यांच्यात एका रात्रीचेही अंतर नव्हते. त्या दिवशी मी ऑफिसातून घरी चालत आलो, कारण भुयारी रेल्वे बंद होती.

रँकिनने तो आठवडा दिवसवार पकडला आहे. जगाचे पुढारी राखीव हॉटेलात, सगळे पोलीस तिकडे तैनात, आणि रीबसला कुणी जवळपास फिरकू देत नाही म्हणून तो रिकाम्या ठाण्यात एका खुनाच्या मागे लागलेला. शिव्हॉनचे आईवडील मोर्चात सामील व्हायला आलेले, आणि तिच्या आईला गडबडीत डोक्याला मार लागतो. मुलगी पोलीस, आई निदर्शक. मारणारा हात पोलिसाचा होता का, हा प्रश्न शिव्हॉनला सोडत नाही. अनघाताई, तुम्हाला बाहेरून पोलिसाकडे पाहणारे पुस्तक हवे असेल तर निदान हे तरी त्याच्या जवळ जाते असे मला वाटते.

निशिगंधा

रीबसवरच्या टीव्ही मालिका कुणी पाहिल्या का? रीबस म्हणून जॉन हॅना फार देखणा वाटला, केन स्टॉट अगदी पुस्तकातला. २०२४ ची बीबीसीची नवी पाहावी का?

रानजाई

@निशिगंधा, केन स्टॉटबद्दल शंभर टक्के सहमत. नवीन मालिका मेहनतीने केलेली आहे, रिचर्ड रँकिनचं कामही चांगलं आहे. पण तिच्यात रीबस पुन्हा तरुण सार्जंट झाला आहे आणि काळ आजचा आहे. माझ्यासाठी त्यात रीबसचा प्राणच गेला. १९४७ साली जन्मलेला, खाणी बंद पडताना पाहिलेला, उत्तर आयर्लंडमध्ये बंदूक धरलेला माणूस आजच्या पस्तिशीच्या देहात बसवता येत नाही. पाहा जरूर, पण आधी पुस्तकं वाचा.

@लंडनकर_आजोबा, तुमच्या आठवणीमुळे त्या पुस्तकाला वेगळाच अर्थ आला. धन्यवाद.

आता 'एक्झिट म्युझिक'च्या शेवटाबद्दल लिहिते आहे. ज्यांनी वाचलं नाही त्यांनी पुढचा परिच्छेद सोडून द्या.

कॅफर्टीवर हल्ला होतो, तो बेशुद्ध, इस्पितळात. रीबसची नोकरी संपलेली. तो त्याच्या खाटेपाशी उभा आहे आणि यंत्रावरची रेघ सपाट होते. इतकी वर्षं ज्याला संपवायचं होतं तो समोर आपोआप संपतो आहे. रीबस त्याच्या छातीवर हात ठेवून दाबायला लागतो, जिवाच्या आकांताने, त्याला परत आणायला. प्रेमाने नाही. हा असा शांतपणे, शिक्षा न भोगता सुटता कामा नये म्हणून. आणि मला वाटतं, हा गेला तर आपल्याला ओळखणारं कुणी उरणार नाही म्हणूनही. दोन म्हातारी माणसं, एक खाट, परिचारिका धावत येताहेत. पुस्तक तिथेच संपतं.

(परिच्छेद संपला.)

२०२२ चं 'अ हार्ट फुल ऑफ हेडस्टोन्स' उघडलं की रीबस न्यायालयात आरोपीच्या जागी. कशासाठी ते सांगत नाही. २०२४ च्या 'मिडनाइट अँड ब्लू'मध्ये तो एडिंबराच्या तुरुंगात आहे, सत्तरी उलटलेली, फुफ्फुसं गेलेली, आणि ज्यांना त्याने आत पाठवलं त्यांच्यापैकी काही त्याच इमारतीत. अनघा, रँकिनने हिशेब मिटवायला वेळ घेतला, पण टाळला नाही, असं मला म्हणायचं आहे. गुन्हेकथांच्या नायकांना लेखक सहसा माफ करतात. इथे पस्तीस वर्षं साठवलेलं सगळं रीबसच्या अंगावर येतं, आणि ते येईपर्यंत तो म्हातारा झालेला असतो. तरुणपणी मोडलेल्या नियमांची किंमत म्हातारपणी मोजावी लागते, हे दाखवायचं तर नायकाला आधी म्हातारं होऊ द्यावं लागतं. वेक्सफर्ड किंवा पोआरोच्या बाबतीत हे शक्यच नव्हतं.

अनघा_के

हा युक्तिवाद मला पटतो. शेवटची दोन वाचेन, मग इथेच येऊन लिहीन. एक शंका: मधली न वाचता थेट शेवटची वाचली तर चालतील का?

रानजाई

कथानक कळेल, वजन कळणार नाही. वेळ कमी असेल तर 'ब्लॅक अँड ब्लू' तुमचं झालंच आहे, त्यापुढे 'रिझरेक्शन मेन', 'द नेमिंग ऑफ द डेड', 'एक्झिट म्युझिक', 'सेंट्स ऑफ द शॅडो बायबल' आणि मग शेवटची तीन. शिव्हॉनकडे सुरुवातीपासून लक्ष ठेवा. 'सेंट्स'मध्ये ती इन्स्पेक्टर झालेली आहे आणि रीबस पुन्हा सार्जंट म्हणून तिच्या हाताखाली. त्याच्याकडून ती काय शिकली आणि काय शिकायचं नाकारलं, हे पाहत वाचलं तर तुमच्या पहिल्या प्रतिसादातल्या प्रश्नावर बोलायला आपल्याकडे पुष्कळ असेल.

फौजदाराची_लेक

अनघाताई, तुम्ही सुरू कराल तेव्हा इथे कळवा. 'सेंट्स' मीही वाचलेलं नाही. बरोबरच वाचू.